पेपर दिसतो, चूक दिसते, मग दुरुस्तीचा हक्क का नाही?

एका विद्यार्थ्याची आई
मुलाने गेल्या महिन्यात संस्थेकडून उत्तरपत्रिकेची छायाप्रत मागवली. चौथ्या प्रश्नाचा ‘आ’ भाग, ६ गुणांचा. पान संपलं तिथे त्याने ‘पुढे पुरवणीत’ असं लिहिलंय. त्याच्याखाली लाल शाईत ‘अपूर्ण’ आणि २ गुण. पुरवणी उलटली तर उरलेलं गणित उत्तरासकट तिथे आहे. त्यावर बरोबरची खूणही आहे, गुण मात्र नाहीत. अर्ज केला. उत्तर आलं, बेरीज बरोबर आहे, पुनर्मूल्यांकनाची तरतूद नियमांत नाही.

पेपर पाहायचा हक्क कायद्याने आहे, तर दुसऱ्या परीक्षकाकडून तो तपासून घ्यायचा हक्कही कायद्यानेच हवा. तो संस्थेच्या मर्जीवर सोडू नये.

निवृत्त परीक्षक
ताई, पुरवणी राहिली ती चूकच, तिची बाजू मी घेणार नाही. ते गुणपडताळणीतच सापडायला हवं होतं. पण सरसकट हक्काला माझा विरोध आहे. मी २६ वर्षं मराठीचे पेपर तपासले. एकाच निबंधाला मी ८ पैकी ५ देईन, शेजारचे सर ६ देतील, आणि दोघेही प्रामाणिक असू. त्यातला खरा आकडा कोणता म्हणायचा? शिवाय फी भरणाऱ्याचाच पेपर पुन्हा तपासला जाणार. ज्याच्या घरी तेवढे पैसे नाहीत, तो गुणवत्ता यादीत आपोआप खाली जातो. प्रवेश निकालावर अडलेले असतात, तेव्हा निकाल कुठेतरी कायम व्हावाच लागतो.

विधी शाखेची विद्यार्थिनी
सर, हाच युक्तिवाद १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात झाला होता, तोही आपल्याच दहावी-बारावीच्या मंडळाच्या खटल्यात. मुंबई उच्च न्यायालयाने विद्यार्थ्यांच्या बाजूने कौल दिला होता, तो सर्वोच्च न्यायालयाने फिरवला. लाखो पेपर पुन्हा दाखवणं-तपासणं व्यवहारात जमणार नाही, हे त्यामागचं एक मोठं कारण. आज तेच मंडळ छायाप्रत देतं आणि ती मिळाल्यावर पुनर्मूल्यांकनही करतं. म्हणजे जमतं!

पुढे ९ ऑगस्ट २०११ ला सीबीएसईच्या खटल्यात न्यायालयाने सांगितलं की तपासलेली उत्तरपत्रिका ही माहिती अधिकारात मिळणारी माहिती आहे. पण पुन्हा तपासून देण्याचा हक्क त्यातून मिळत नाही, हेही तिथेच स्पष्ट केलं. ताईंचा मुलगा नेमका या दोन वाक्यांच्या मध्ये अडकलाय.

पैशांचा मुद्दा मला पटतो. पण २०१९ मध्ये कंपनी सेक्रेटरींच्या संस्थेच्या प्रकरणात न्यायालयाने म्हटलं की संस्थेची ५०० रुपये फी असली, तरी माहिती अधिकाराच्या दराने प्रत मागता येते. तो दर पानाला २ रुपये आहे. पुनर्मूल्यांकनाची फीही अशीच खाली आणता येईल. फी जास्त आहे म्हणून हक्कच नाकारायचा, हे मला मान्य नाही.

निवृत्त परीक्षक
सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१७ चा निकालही वाचा. शंका असेल तर तिचा फायदा उमेदवाराला नाही, परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा, असं त्यात आहे. मला ते योग्य वाटतं. एकाचे गुण हलले की त्याच्या मागे रांगेतले सगळे हलतात, आणि त्यांनी तर तक्रारही केलेली नसते.

विधी शाखेची विद्यार्थिनी
वाचलाय, सर. नियमात तरतूद असेल तर संस्था पुनर्मूल्यांकनाची परवानगी देऊ शकते, हेही त्याच निकालात आहे. म्हणून ताईंनी न्यायालयात जाण्यापेक्षा ही मागणी विधिमंडळाकडे आणि संसदेकडे न्यावी असं मला वाटतं.

एका विद्यार्थ्याची आई
सर, तुमचा निबंधाचा दाखला खरा आहे. मला ५ चे ६ करून नको आहेत. पण ‘हे राहून गेलं’ आणि ‘हे परीक्षकाचं मत’ यातला फरक आज ठरवतं कोण? ज्यांनी पेपर तपासला तेच. पुरवणीवर खूण आहे म्हणजे तपासलंय, असं मला खिडकीवर सांगितलं. त्यांच्या लेखी ते मतच झालं. बाहेरच्या एका परीक्षकाने ती दोन पानं समोरासमोर ठेवून पाहावीत, एवढंच मी मागतेय. त्यात माझ्या मुलाचे गुण कमी झाले तर तेही घेऊ.

त्या विषयात तो ३ गुणांनी नापास आहे. ‘आ’ भागाचे ४ गुण अजून कोणी दिलेलेच नाहीत.