रविवारच्या गोडाचं काय ठरलं?

थोरल्या काकू: कालच्या पन्ना कोत्ताच्या वाट्यांमध्ये जिलेटिन होतं, हे मला आज सकाळी कळतंय. आईंनी दोन वाट्या खाल्ल्या. जनावराच्या हाडाकातड्याचं असतं ते. एका शब्दाने सांगायला काय झालं होतं?

पुण्याची ताई: काकू, मनापासून माफ करा. पावडर डब्यात ओतलेली होती, पाकीट बघितलंच नाही मी. चूक माझीच.

मोठे काका: रविवारी सहस्रचंद्रदर्शनाला जेवायला किती जण? फक्त आकडा कळवा.

तोरीनोचा दादा: काकू, इथे इटलीत, पिएमोन्ते भागात पन्ना कोत्ता जिलेटिननेच करतात. ‘शिजवलेली साय’ असा नावाचा अर्थ. पण आजीसाठी चायना ग्रासने छान होईल, ते समुद्री शेवाळाचं असतं.

धाकट्या काकू: म्हणजे आपलं कॅरॅमल कस्टर्डच ना?

तोरीनोचा दादा: नाही काकू. कस्टर्डमध्ये अंडं असतं, ते वाफवतात. यात अंडं नाही, नुसतं गरम करून थंड करायचं.

थोरल्या काकू: अंडं नाही हे काल चारचारदा सांगितलंत. जिलेटिनचं कोणी बोललं नाही.

आत्या: वहिनी, पोरीने माफी मागितली की. आणि चायना ग्रासचं कडक होतं हं, दिवाळीत माझा हलवा दगड झाला होता.

धाकटे काका: दगड कुठला, चेंडू! टप्पा पडून परत वर आला 😂

आत्या: दर वेळी तेच काढायचं असतं का रे?

मोठे काका: आकडा कळवा. केटररचा दोनदा फोन आला.

पुण्याची ताई: आत्या, जास्त पडलं की कडक होतं. आज करून बघितलं. अर्ध्या लिटरला सपाट पाऊण चमचा पावडर पुरे. २०० मिली थंड दुधात कालवायची आणि ढवळत २ मिनिटं चांगली उकळायची. जिलेटिन उकळायचं नसतं, हे मात्र उकळल्याशिवाय विरघळत नाही. मग ४ चमचे साखर आणि ३०० मिली कोमट क्रीम. पहिल्यांदा फ्रीजमधलं गार क्रीम ओतलं, तर जागच्या जागी गुठळ्या झाल्या. दुसऱ्यांदा जमलं. वाटी हलवली की मधोमध थरथरतं, चमचा मऊ जातो.

तोरीनोचा दादा: इथलं क्रीम ३५ टक्के स्निग्धांशाचं. तिकडचं छोटं पाकीट २५ टक्क्यांचं, म्हणून दूध कमीच ठेव.

थोरल्या काकू: आणि काल कॅरॅमलचा पाक कडू होता. कोणी बोललं नाही, मी बोलते.

पुण्याची ताई: खरंय काकू, धूर येईपर्यंत थांबले मी.

धाकट्या काकू: १०० ग्रॅम साखर, २ चमचे पाणी. अजिबात ढवळू नकोस, पुन्हा साखर धरते. पातेलंच गोल फिरव. तांबूस झाला की लगेच गॅस बंद, मग कोमट क्रीम आणि चिमूटभर मीठ. पातेलं खोल घे, फसफसून वर येतं. माझ्या मनगटावर अजून डाग आहे.

धाकटे काका: वरून अननस घाला, आईला आवडतो.

तोरीनोचा दादा: काका, जिलेटिन असतं तर कच्च्या अननसाने सेटच झालं नसतं. चायना ग्रासला चालतो.

मोठे काका: आकडा.

आत्या: दादा, २३. वन्संकडचे धरून.

आजी (नातू टाइप करतोय): मला कालचं आवडलं. माहीत नव्हतं, त्याचं काय घेऊन बसायचं? रविवारी चायना ग्रासचं करा. पाक कमी जाळा. अननस नको, दातात अडकतो.

पुण्याची ताई: हो आजी. २३ म्हणजे चौपट प्रमाण, शनिवारी रात्रीच करून ठेवते. माझ्या फ्रीजमध्ये १२च वाट्या मावतील. काकू, उरलेल्या तुमच्याकडे ठेवू का?

थोरल्या काकू: ठेव. खालचा कप्पा रिकामा करते. झाकणावर काय काय घातलंय ते लिहून आण.