मेम्फिस मिनी: ओपन जी ट्यूनिंगमध्ये तारा खडखडतात, आणि ऐकायला सुरुवात कुठून करावी?

खर्जतार: अमेरिकन ब्लूज गायिका-गिटारवादक मेम्फिस मिनीच्या 'व्हेन द लेव्ही ब्रेक्स'चं १९२९चं मूळ ध्वनिमुद्रण गिटारवर बसवतोय. ओपन जी (मोकळ्या तारा छेडल्या की जी मेजर कॉर्ड वाजेल अशी जुळणी) लावलं की पहिली आणि सहावी तार ढिली पडून फ्रेटवर, म्हणजे मानेवरच्या धातूच्या पट्ट्यांवर, खडखडते. गाणं मिनीच्या नावावर सांगतात, पण आवाज पुरुषाचा आहे. तिची गिटार नेमकी कोणती? आणि पुढे काय ऐकावं?

अंगठा_आणि_तर्जनी: गातोय तो कॅन्सस जो मकॉय, तिचा तेव्हाचा नवरा. गिटारी दोन आहेत. एकसारखे झटके देत साथ करणारी जोची, बोटांनी सुटे सूर वेचणारी मिनीची.

ओपन जी बरोबर आहे, जुने वादक त्याला 'स्पॅनिश' म्हणत. सहावी तार ई वरून डी, पाचवी ए वरून जी, पहिली ई वरून डी. मधल्या तिघींना हात लावू नका. चौथीशी ताडून बघा: सहावी तिच्या एक सप्तक खाली, पहिली एक सप्तक वर. पाचवी तिसरीच्या एक सप्तक खाली.

उतरवताना तार हव्या सुराच्या थोडी खाली न्या आणि मग चढवून सुरात आणा. नुसती उतरवून सोडली तर ती नटच्या (मानेच्या टोकाला तारा टेकतात त्या पट्टीच्या) खाचेत अडकते, आणि दोन कडवी वाजवेपर्यंत घसरून बेसूर होते.

खडखडीचं कारण सरळ आहे. तार एक स्वर उतरवली की तिचा ताण जवळपास पाचव्या हिश्श्याने कमी होतो. ०.०१० चा (आकडा पहिल्या तारेच्या जाडीचा, इंचात) सेट तिथे टिकत नाही, ०.०१२ किंवा ०.०१३ लावा. सूर वर हवा असेल तर तारा ताणू नका, कॅपो (मानेवर सगळ्या तारा दाबून धरणारा चिमटा) लावा.

आणखी एक चूक बहुतेकांची होते. अंगठा सवयीने सहाव्या तारेवर पडतो. इथे मूळ सूर (जी) पाचवीवर आहे! सहावी सतत वाजली की सगळं गढूळ होतं.

जुनी_तबकडी: वरच्यात एवढीच भर: या तबकड्यांचा वेग काटेकोर नसे, त्यामुळे ट्यूनरवर अचूक लावलेली गिटारही सोबत बेसूर वाटेल. गिटार तशीच ठेवा, ध्वनिमुद्रणाचा सूर सॉफ्टवेअरने सरकवा.

ऐकण्याबद्दल: तिची गिटार काळाप्रमाणे बदलत गेली, म्हणून क्रमाने ऐका. लिझी डग्लस हे खरं नाव, जन्म १८९७. पोरवयातच मेम्फिसच्या बील स्ट्रीटवर वाजवू लागली. १९३०चं 'बंबल बी' ऐका, तिथे ती स्वतः गाते. पुढे शिकागो. १९४१च्या 'मी अँड माय शोफर ब्लूज'मध्ये साथीला तिचा नंतरचा नवरा लिटल सन जो आहे.

इलेक्ट्रिक गिटार तिने फार लवकर हाती घेतली. १९४२च्या वर्षअखेरीच्या रात्री कवी लँगस्टन ह्यूज यांनी तिला शिकागोच्या २३० क्लबमध्ये ऐकलं: रेफ्रिजरेटरवर बसून, अॅम्प्लिफायर लावून वाजवताना. जानेवारी १९४३मध्ये 'शिकागो डिफेंडर' या वृत्तपत्रात त्यांनी त्यावर लिहिलं. शिकागोच्या इलेक्ट्रिक ब्लूजचा इतिहास सांगताना हा प्रसंग वगळणं मला अन्यायाचं वाटतं.

खर्जतार: ०.०१३ चा सेट लावतो. शेवटची वर्षं कशी गेली तिची?

जुनी_तबकडी: हलाखीत. १९६०मध्ये पक्षाघात, १९७३मध्ये मेम्फिसमध्ये मृत्यू. मिसिसिपीतल्या वॉल्सजवळच्या तिच्या थडग्यावर शिळा बसली १९९६मध्ये. खर्च गिटारवादक बॉनी रेटने दिला.