होमरच्या नावावरच्या रचना: ‘स्तोत्रं’ म्हणायचं की ‘आख्यानं’?

ओसरी:
आमच्या वाचनगटात गेले चार महिने ‘होमेरिक हिम्स’ चालू आहेत. होमरच्या नावावर खपलेल्या, पण निरनिराळ्या काळी निरनिराळ्या गायकांनी रचलेल्या या ३३ ग्रीक रचना. काही चार-पाच ओळींत संपतात. चार मात्र चांगल्या ऐसपैस आहेत: हर्मीसवरची ५८० ओळींची, अपोलोवरची ५४६, डिमीटरवरची ४९५ आणि आफ्रोदितीवरची २९३. या मोठ्या रचना बहुतेक इ.स.पू. सातव्या-सहाव्या शतकातल्या मानतात. वृत्त इलियड-ओडिसीचंच.

गटात सगळे सरसकट ‘होमरची स्तोत्रं’ म्हणतात आणि तिथेच माझं अडतं. स्तोत्र म्हटलं की मला दिवेलागणीची रामरक्षा ऐकू येते. देवाची नावं, विशेषणं, रक्षण कर ही विनवणी, शेवटी फलश्रुती. आता हर्मीसवरची रचना उघडा. पहाटे जन्मलेलं पोर दुपारी वाद्य वाजवतं आणि संध्याकाळी थोरल्या भावाच्या, अपोलोच्या, पन्नास गाई पळवतं. दारातून बाहेर पडताच त्याला कासव दिसतं. ते मारून, कवच आतून कोरून, बोरूच्या काड्या बसवून, वर बैलाचं कातडं ताणून, दोन दांडे आणि आडवी पट्टी लावून तो त्यावर मेंढीच्या आतड्याच्या सात तारा चढवतो. कारागिराच्या खांद्यावरून वाकून पाहावं इतक्या जवळून कवी हे दाखवतो. मग गाई उलट्या चालवत नेतो, म्हणजे खुरांचे ठसे भलतीकडेच निघालेले दिसतात. पकडायला आल्यावर दुपट्यात गुरफटून झोपेचं सोंग. अपोलो उचलून घेतो तेव्हा हे बाळ वारा सोडतं आणि लगेच शिंकतं.

ही अव्वल दर्जाची गोष्ट आहे. ‘हिम्नोस’ या ग्रीक शब्दावर प्रार्थनेचा शिक्काही नंतर बसला. ओडिसीच्या आठव्या सर्गात राजाच्या मेजवानीतल्या गाण्याला हाच शब्द आहे. हेसिअड हा प्राचीन ग्रीक कवी सांगतो की आपण काल्किसच्या स्पर्धेत ‘हिम्नोस’ गाऊन जिंकलो आणि तीन पायांचं पात्र बक्षीस मिळवलं. म्हणून माझं म्हणणं, ‘आख्यान’ हाच शब्द योग्य. पुढे युरोपनंही कथा तेवढी उचलली, प्रार्थना तिथेच राहिली.

केवडा:
असहमत. फलश्रुती नाही म्हणता? डिमीटरची रचना पुन्हा वाचा.

पाताळाच्या राजानं, हेडीसनं, मुलगी पर्सिफनी पळवून नेल्यावर धान्याची देवी डिमीटर म्हातारीचं रूप घेऊन इल्युसिस या गावी विहिरीपाशी बसते. पाणी भरायला आलेल्या राजाच्या मुली तिला घरी नेतात. राणी स्वतःचं आसन देऊ करते, ती बसत नाही. इआंबी नावाची दासी साध्या बैठकीवर मेंढीचं कातडं टाकते, तेव्हा बसते. पदर तोंडावर ओढून, न बोलता, न खातापिता. शेवटी इआंबीच्या थट्टामस्करीनं तिच्या चेहऱ्यावर हसू येतं. मद्य पुढे केलं तर नको म्हणते आणि जवाचं पीठ, पाणी आणि पुदिन्याच्या जातीचा कोवळा पाला कालवून मागते. इल्युसिसच्या गुप्त विधींची दीक्षा घेणारे उपासानंतर हेच कालवण पीत. म्हणजे ऐकणाऱ्यानं स्वतः पाळलेला आचार कथेत देवी त्याच्यासमोर करते आहे. आणि शेवटाकडे कवी सांगतो की ज्यानं हे विधी पाहिले तो माणूस धन्य, ज्याला त्यात वाटा नाही त्याला मेल्यावर त्या काळोखात तसं भाग्य नाही. याला फलश्रुती म्हणायचं नाही तर कशाला?

गोष्ट आहे म्हणून ती पूजेबाहेरची, हे आपल्याला तरी पटायला नको. श्रावणातल्या कहाण्या आठवा. तिथेही देवी म्हातारी होऊन दारात येते, घरातली एक तिला ओळखते, एक हाकलते. ‘उतू नको, मातू नको, घेतला वसा टाकू नको.’ आजी ती कहाणी सांगायची तेव्हा आम्ही मुठीत तांदूळ धरून बसायचो, आणि मधे उठलेलं तिला चालायचं नाही. गोष्ट ऐकणं हीच पूजा होती.

पिंपळपार:
दोघांनी गायकाला विसरू नये. ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीझ अपोलोच्या रचनेतल्या ओळी देतो, त्या होमरच्याच मानतो, आणि तिला नाव देतो ‘प्रोओइमिऑन’: मुख्य गाण्याआधी गायचं गाणं. कित्येक रचनांचा शेवट ठरलेला आहे: ‘तुझीही आठवण ठेवीन आणि दुसऱ्या गाण्याचीही.’ म्हणजे देवाला नमस्कार करून गायक पुढच्या लांब कथेकडे वळतो. तमाशात गण आधी, मग गवळण, मग वग, हे ज्यानं पाहिलं आहे त्याला ही जागा लगेच ओळखू येईल. आफ्रोदितीवरची जी छोटी रचना आहे, तिच्यात गायक सरळ मागतो की या स्पर्धेत मला विजय दे.

अपोलोच्या रचनेतली ती जागा तर मला फारच आवडते. डेलॉस बेटावरच्या गाणाऱ्या मुलींना कवी सांगतो: उद्या कोणी परका येऊन विचारेल, पोरींनो, इथे येणाऱ्या गायकांत तुम्हाला सर्वांत गोड कोण वाटतो? तेव्हा सगळ्या एका सुरात सांगा, एक आंधळा माणूस, खडकाळ खिऑस बेटावर राहतो. त्या एका ओळीवरून होमर आंधळा ही समजूत हजारो वर्षं चालत आली. पोटासाठी गावोगाव फिरणारा माणूस इथे श्वास घेतो आहे. त्याला ‘स्तोत्रकार’ म्हटलं की तो दिसेनासा होतो.

ओसरी:
केवडा, इल्युसिसचा मुद्दा मान्य. ती एक रचना विधीला बांधलेली आहे. पण एकीवरून सगळ्यांना नाव देता येत नाही. पिंपळपार, गण पाच-दहा कडव्यांचा असतो. ५८० ओळींचा गण झाल्यावर वग कधी सुरू होणार? छोट्या रचना गणासारख्या असतील, मोठ्या नाहीत.

आणि आफ्रोदितीची मोठी रचना घ्या. देवांना माणसांच्या मोहात पाडून त्यावर ही हसते, म्हणून देवांचा राजा झ्यूस तिलाच अँकायसीस नावाच्या गुराख्याच्या मोहात पाडतो. रात्र सरल्यावर ती स्वतःच्या तोंडानं म्हणते की आता देवांत माझी कायमची अप्रतिष्ठा झाली. मुलाचं नाव ती एनिअस ठेवते, कारण मर्त्य माणसाच्या शेजेवर पडल्याचं ‘ऐनोस’, म्हणजे भयंकर, असं दुःख तिला झालं. जिची स्तुती करायची तिची मान खाली घालायला लावणारं हे गाणं कोणत्या देवळात म्हणत असतील?

केवडा:
ज्या देवळात देवावर रुसता येतं त्या देवळात. विठ्ठलाला चोर म्हणणारे, त्याच्याशी भांडणारे अभंग आपण देवासमोर उभे राहूनच म्हणतो.

उत्खनन:
मला हे तुलनेचं प्रकरण थोडं थांबवावंसं वाटतं. अभंगातला भक्त देवाशी भांडतो, कारण त्याचं देवावर प्रेम आहे. अँकायसीसच्या कथेत असा भक्तच नाही. आपली मोजपट्टी लावली की ग्रीकांचं वेगळेपण निसटतं. त्यांच्याकडे खरोखर पूजेत म्हटलेली गाणी आहेत, ती आधी पाहा.

डेल्फीला, अपोलोच्या देवस्थानी, १८९३ साली फ्रेंच उत्खननात अथेन्सच्या कोषागाराच्या भिंतीचे दगड सापडले. त्यांवर अपोलोची दोन गाणी कोरलेली, इ.स.पू. दुसऱ्या शतकातली, आणि शब्दांबरोबर सुरांच्या खुणा. दुसऱ्याच वर्षी गाब्रिएल फोरे या फ्रेंच संगीतकारानं पहिल्या गाण्याला साथसंगत लिहिली आणि पॅरिसला ते पुन्हा गायलं गेलं, जिथे आधुनिक ऑलिंपिकचा निर्णय झाला त्याच परिषदेत. क्रीटमध्ये पालेकास्ट्रोला एका शिळेवर मिळालेलं गाणं तरुण देवाला सांगतं: आमच्या कळपांत उडी घे, आमच्या पिकांत उडी घे, आमच्या नगरांत उडी घे. ऑर्फियस या पुराणकथेतल्या गायकाच्या नावावर असलेली ८७ गाणी तर नुसती नावं आणि विशेषणं आहेत, एकामागून एक, आणि बहुतेकांच्या डोक्यावर कोणता धूप जाळायचा ते लिहिलेलं: कधी ऊद, कधी बोळ. ही स्तोत्रं. सहस्रनामाच्या जवळ जाणारी. होमरी रचनांनाही तोच शब्द वापरला तर हा फरक सांगायला आपल्याकडे शब्द उरत नाही. इथवर मी ओसरींच्या बाजूचा.

पण ‘युरोपनं प्रार्थना उचलली नाही’ हे मात्र चूक. इ.स.पू. तिसऱ्या शतकात क्लिअँथीस या स्टोइक तत्त्वज्ञानं झ्यूसवर जे गाणं रचलं त्यात चोरी नाही, प्रेमप्रकरण नाही. विश्व चालवणारा एकच नियम, आणि माणसाची मागणी एवढीच की आमचं अज्ञान घालव. ‘आम्ही तुझ्यापासूनच जन्मलो’ असा अर्थ त्यात येतो. जवळजवळ तेच शब्द त्याच्या काळच्या अरेटस या कवीनं झ्यूसला वंदन करताना वापरले, आणि संत पॉल अथेन्सच्या लोकांना नव्या धर्माचं सांगायला उभा राहिला तेव्हा ‘तुमच्याच कवींनी म्हटलं आहे’ म्हणून त्यानं तीच ओळ सांगितली. बायबलच्या ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकात १७व्या अध्यायात ती आजही आहे. कथा चित्रांत गेली, प्रार्थना चर्चमध्ये गेली.

तळघर:
वारशाबद्दल एक गोष्ट इथे कोणीच मांडलेली नाही. डिमीटरची रचना पश्चिम युरोपच्या हातात कधी पडली? फ्लॉरेन्सला १४८८ साली होमर पहिल्यांदा छापला गेला, त्यात या रचना होत्या, पण डिमीटरची मोठी रचना नव्हती. ती १७७७ साली मॉस्कोत एका हस्तलिखितात सापडली. क्रिस्टियान फ्रीडरिश माथाय या जर्मन अभ्यासकाला. लायडनच्या डेव्हिड रूनकेननं १७८० साली ती छापली. हस्तलिखित आता लायडनलाच आहे. जगात तेवढी एकच प्रत.

म्हणजे शतकानुशतकं युरोप पर्सिफनीची जी कथा वाचत होता ती रोमन कवी ओव्हिडची. फुलं वेचताना पर्सिफनी जिथून पळवली गेली, ज्या जागेशी इंग्रज कवी मिल्टननं १६६७ साली ईडनच्या बागेची तुलना केली, ती जागा सिसिलीतलं एन्ना आहे. ग्रीक रचनेत ती जागा नायसाचं माळरान आहे. एखाद्या कृतीचा वारसा सांगताना ती कोणी वाचली होती हे आधी पाहावं लागतं. ओसरी, तुम्ही कथेचा वारसा सांगता आहात, या रचनांचा नाही.

ओसरी:
डिमीटरपुरतं बरोबर. बाकीच्यांपुरतं नाही. इंग्रज कवी शेलीनं १८२० साली हर्मीसची अख्खी रचना इंग्रजीत आणली, आठ-आठ ओळींच्या कडव्यांत, आणि तो मूळ ग्रीक समोर ठेवून बसला होता. बॉटिचेल्लीच्या चित्रात शिंपल्यावर उभ्या असलेल्या देवीला किनाऱ्यावरची स्त्री वस्त्र घेऊन सामोरी येते, त्यामागे पोलित्सियानोची कविता आहे आणि तिच्यामागे आफ्रोदितीवरची तीच छोटी रचना, जिच्यात गायक विजय मागतो.

टिथोनस आठवा. उषादेवी ईऑस आपल्या प्रियकरासाठी झ्यूसकडे अमरत्व मागते, तारुण्य मागायला विसरते. पहिले पांढरे केस दिसल्यावर ती त्याच्या शेजेपासून दूर होते, पण घरात ठेवून जेवूखाऊ घालते. पुढे हातपाय उचलेनासे झाल्यावर त्याला खोलीत ठेवून झळाळती दारं ओढून घेते. आत त्याचा आवाज चालूच राहतो, न थांबता. टेनिसननं यावर लिहिलेली कविता १८६० साली आली. ही कथा आफ्रोदिती अँकायसीसला का सांगते? तुला मी अमर का करत नाही, हे समजावण्यासाठी. यात विनवणी कुठेच नाही. देवीच माणसाला समजावते आहे, आणि म्हणूनच मी ‘स्तोत्र’ म्हणायला अजून तयार नाही. ‘कहाणी’ मात्र दोन दिवस मनात घोळते आहे.

पिंपळपार:
‘कहाणी’ला माझी हरकत नाही. ती कोणीतरी सांगायची असते, सांगणारा समोर बसलेला असतो. माझा गायक त्यात राहतो.

उत्खनन:
माझी आहे. कहाणी गद्य असते. सहा गणांच्या त्या ओळी गद्यात उतरल्या की निम्मं गेलं.

केवडा:
तळघर यांनी त्या एकुलत्या एका प्रतीचा उल्लेख केला म्हणून लिहिते. तिचं एक पान फाटलेलं आहे. आणि फाटलंय कुठे, तर मायलेकींच्या भेटीत. मुलीला पाहताच डिमीटर रानातल्या डोंगरउतारावरून वेड लागल्यासारखी धावते, मुलगी रथातून उडी टाकते, आणि तिथून पुढच्या ओळींचे तुकडेच हाती राहतात. मिठीत घेतल्याघेतल्या आईच्या मनात काहीतरी चरकतं आणि ती विचारते: बाळ, तिथे खाली काही खाल्लं तर नाहीस ना? कवीनं आधी सांगितलंय की हेडीसनं डाळिंबाचा दाणा गुपचूप दिला. मुलगी आईला सांगते की त्यानं जबरदस्तीनं खायला लावला. दोन्ही जसंच्या तसं ठेवलंय. त्या दाण्यापायी वर्षाचा तिसरा हिस्सा ती खालीच राहणार.

पुढच्या शनिवारी गटात हा भाग मी वाचणार आहे. विद्वानांनी अंदाजानं भरलेले शब्द घेणार नाही. जिथे पान फाटलंय तिथे थांबेन, जेवढ्या ओळी गेल्या तेवढा वेळ, आणि मग आईच्या प्रश्नापासून पुढे. उत्खनन, तुम्ही त्या ओळी मूळ ग्रीकमध्ये म्हणाल का? वृत्त तरी कानावर पडेल.

उत्खनन:
म्हणेन. फाटलेल्या ओळींतले जे शब्द उरलेत तेही म्हणतो, सुटे सुटे. तुम्ही त्यांच्यामध्ये थांबा.