गणतंत्र परिषद: नावाचं भाषांतर करायचं की नाही?

शाईचा डाग
एका दिवाळी अंकासाठी संस्थानिकांच्या राजकारणावरचा लेख मराठीत आणतोय. त्यात ओडिशातली 'गणतंत्र परिषद' येते. १९५० साली निघालेला पक्ष, पुढारी बोलांगीरचे (तिथलं पाटणा संस्थान, बिहारचं नव्हे) राजेंद्र नारायण सिंहदेव, कालाहांडीचे प्रताप केसरी देव अशी माजी राजेमंडळी. १९६२त राजाजींच्या 'स्वतंत्र' नावाच्या पक्षात विलीन. मी नाव तसंच ठेवलं होतं. संपादकांनी 'प्रजासत्ताक परिषद' केलं, वर या पक्षासाठीचं माझं 'पुराणमतवादी' खोडून 'सनातनी' लिहिलं. दोन्ही खटकतंय, पण भांडायला मुद्दा सापडत नाहीये.

मधली आळी
विशेषनामाचं भाषांतर करत नाहीत, संपला विषय. रिपब्लिकन पक्षाला आपण १९५७पासून रिपब्लिकनच म्हणतो ना?

तात्या ओक
संपला कसा? तिथे मूळ नाव इंग्रजी होतं, इथे संस्कृत आहे. 'गणतंत्र' ही हिंदीची आयात. आमच्या शाळेत २६ जानेवारीला 'प्रजासत्ताक दिन चिरायू होवो' अशाच घोषणा व्हायच्या. आता नातवाच्या शाळेच्या फलकावर 'गणतंत्र दिवस' येतं. 'दिन'सुद्धा गेला!

वऱ्हाडी ठेचा
तात्या, आमच्या नागपुरात गणतंत्र कोणाला टोचत नाही. आणि संविधानाची मराठी उद्देशिका काढून बघा, 'लोकशाही गणराज्य' आहे. प्रजासत्ताक नाही. मग ती पण आयात का?

तात्या ओक
गणराज्य वेगळं, गणतंत्र वेगळं.

वऱ्हाडी ठेचा
कसं वेगळं ते सांगा ना जी.

उंबरठा
मला 'प्रजा'च खटकते. प्रजा म्हटलं की समोर राजा आलाच. त्यात हा पक्ष राजांचा! त्यांनाच प्रजासत्ताक म्हणणं म्हणजे चेष्टा झाली.

बदलीवाले
वडील बँकेत होते, त्यामुळे ऐंशीच्या दशकात चार वर्षं बोलांगीरला काढली. ओडियात 'गणतंत्र' म्हणजे लोकशाही, आणि २६ जानेवारी म्हणजे 'साधारणतंत्र दिवस'. (उच्चार गॉणॉतॉन्त्रॉ. मला जमेपर्यंत वर्गात हशा.) म्हणजे संपादकांचं 'प्रजासत्ताक' अर्थानेच चुकलंय. करायचंच तर 'लोकशाही परिषद' होईल.

आमचे घरमालक पक्षाचं नाव घेतच नसत, 'महाराजांचा पक्ष' म्हणत. किनाऱ्यावरचे लोक आम्हाला गडजातिया म्हणून हिणवतात, ही त्यांची कायमची तक्रार. माझ्या मते या पक्षाचं सगळं राजकारण त्या एका शब्दात आहे. राजे होते हे खरं, पण मतं नुसती मुजऱ्याची नव्हती. किनाऱ्याकडचे कटकवाले आपल्याला विचारत नाहीत हा पश्चिमेकडचा रागही त्यात होता. हिराकूडच्या धरणात गावं गेली, तो आणखी वेगळा.

मधली आळी
गडजात म्हणजे गडावरची जात?

मोडीवाचक
नाही हो! ही 'जात' फारसी अनेकवचनाची: मेवाजात, परगणाजात. गडजात म्हणजे अनेक गड, डोंगराळ मुलखातली संस्थानं. किनाऱ्याकडची ती मोगलबंदी. १७५१ ते १८०३ नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता तिथे, गडजातचे राजे त्यांना खंडणी देत. म्हणजे हा शब्द आपल्याला परका मानायचं कारण नाही.

तात्या ओक
फारसी चालते, हिंदी चालत नाही का, असं आता कोणी विचारू नका.

वऱ्हाडी ठेचा
विचारतोच आहे.

उंबरठा
'परिषद'चं काय पण? मराठी वाचकाला पत्रकार परिषद नाहीतर जिल्हा परिषद आठवणार. 'गणतंत्र परिषदेला ५१ जागा' वाचून खुर्च्या कमी पडल्या असं वाटेल.

मोडीवाचक
ते १९५७चं. १४०च्या विधानसभेत काँग्रेस ५६, हे ५१. त्याच निवडणुकीत आपल्याकडे संयुक्त महाराष्ट्र 'समिती' लढली, तेव्हा कोणी समितीला सत्यनारायणाची समिती समजलं नाही. संन्यासी करपात्रीजींची रामराज्य परिषद होती, गुजरातेत महागुजरात जनता परिषद होती. पहिल्यांदा येईल तिथे 'हा पक्ष' लिहा की झालं.

बदलीवाले
आणि काँग्रेस नि गणतंत्र परिषद, याच दोघांनी १९५९ला हरेकृष्ण महताबांच्या हाताखाली मिळून सरकार केलं, १९६१च्या सुरुवातीपर्यंत टिकलं. सिंहदेव पुढे १९६७ला मुख्यमंत्री झाले, पण 'स्वतंत्र' पक्षाकडून.

शाईचा डाग
सगळ्यांचे आभार. 'लोकशाही'चा मुद्दा संपादकांना कळवतो. पण 'सनातनी'चं कोणीच बोललं नाही. माझ्या कानाला सनातनी म्हणजे धर्माचा हट्ट. करपात्रीजींना तो शब्द शोभतो. या मंडळींचा जीव गादी, तनखे आणि जमिनीत.

तात्या ओक
'तनखा' फारसी आहे, 'निवृत्तिवेतन' का नको?

मोडीवाचक
राजे निवृत्त कुठे झाले होते?

उंबरठा
'स्थितिवादी' कसा वाटतो?

वऱ्हाडी ठेचा
डॉक्टर रुग्णाबद्दल बोलतोय असं वाटतं.

बदलीवाले
बांगलादेशाचं अधिकृत नाव 'गणप्रजातंत्री' आहे. गणही, प्रजाही. तात्या, याचं मराठी करा.

तात्या ओक
उद्या सांगतो. पण 'दिवस' नको, 'दिन'च.