आप्पा पाय कापायला नाही म्हणताय, काय करू? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, आम्ही चोपडा तालुक्यातले, सध्या जळगावला दवाखान्यात आहोत. आप्पा ७१ वर्षांचे, शुगर जुनी, डाव्या पायाला गँगरीन झालंय, डॉक्टर म्हणे गुडघ्याखालून कापला नाही तर इन्फेक्शन रक्तात पसरून जीव जाईल. आप्पा म्हणताय, "मना पाय शे, मी असाच जासू." सकाळी एकदम शुद्धीत असतात, केळीला पाणी सोडलं का विचारतात, पाय नाही कापला तर मरेन हेही स्वतःच सांगतात. पण रात्री ताप चढला की चादर चाचपत बसतात, वारलेल्या मायला हाका मारतात. मोठा भाऊ म्हणतो आपण सही करून टाकू, त्यांना काय समजतंय. मला ते पटत नाही. सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये सांगितलंय की समजउमज असलेला माणूस उपचार नाकारू शकतो, मग सकाळचे आप्पा खरे धरायचे की रात्रीचे? मानसोपचार डॉक्टरकडून तपासून लेखी घ्यावं का? नकार दिला तर दुखणं कमी करायचे उपचार तरी चालू ठेवतील ना? कोणाच्या घरी असं झालं असेल तर प्लीज लवकर सांगा, उद्या सकाळी डॉक्टरांना उत्तर द्यायचंय.