मदत हवी आहे : बाबांना बतादची भातखाचरं दाखवायची आहेत

आम्ही साकोलीकडचे, घरी धानाची शेती. फिलिपिन्सच्या इफुगाओतली बताद गावची डोंगरखाचरं मोबाईलवर पाहिल्यापासून बाबांचा एकच ध्यास. ती १९९५ पासून जागतिक वारसा यादीत आहेत, पण बाबांना त्याचं काय! "इतक्या उंच बांधीत पानी टिकते कसं?" वरच्या जंगलातलं पाणी पाटांनी खाली खेळवतात म्हटलं, तरी त्यांना स्वतः धुऱ्यावर उभं राहून पाहायचंय. चाळीस वर्षं रोवणी केलेला माणूस, हट्ट खराच आहे.

तिथल्या बानावे गावाहून दोन-तीन दिवसांचा, वाटाड्यासोबतचा ट्रेक कुणी केलाय का? बाबा ६४ वर्षांचे, उतरताना गुडघा दुखतो. दगडी पायऱ्या झेपतील? गावात मुक्कामाला शाकाहारी जेवण मिळतं? आणि रोवणी पाहायला कोणत्या महिन्यात जावं?