आठवायला लावण्याआधी उत्तर सांगा

"लगेच उत्तर सांगू नका, डोक्याला ताण देऊ द्या, चुकत चुकतच शिकेल" हा शिकवण्याबद्दल दिला जाणारा सल्ला एरवी बरोबर आहे. पण अपघातात स्मरणशक्तीलाच मार बसला असेल तर तो उलटा पडतो. चूक सुधारायची तर 'मघाशी मी चुकलो होतो' हे लक्षात राहावं लागतं. तेच राहत नाही, आणि चुकीचं उत्तर मात्र पक्कं बसतं. अ‍ॅलन बॅडली आणि बार्बरा विल्सन या मानसशास्त्रज्ञांनी १९९४ मध्ये हे दाखवून दिलं होतं: अशा रुग्णांना अंदाज करायला न लावता शिकवलं की जास्त टिकतं.

माझ्या भाच्याच्या बाबतीत हेच झालं. फिजिओथेरपिस्ट ताईंचं नाव त्याने पहिल्यांदा अंदाजाने 'मीना' सांगितलं आणि पुढे कितीतरी दिवस मीनाच म्हणत राहिला, आम्ही रोज दुरुस्त करूनही. मग ऑक्युपेशनल थेरपिस्टनी (रोजची कामं पुन्हा करायला शिकवणाऱ्या तज्ज्ञांनी) पद्धत बदलली. आधी कागदावर 'वंदना' पूर्ण लिहून वाचून घ्यायचं, मग शेवटचं अक्षर गाळायचं, मग दोन. विचारण्यातलं अंतर हळूहळू वाढवायचं. तो अडखळला की लगेच सांगून टाकायचं, "बघ, आठव जरा" अजिबात म्हणायचं नाही. घरातल्या मोठ्यांना हे शेवटचं पाळणं फार जड गेलं. नाव मात्र बसलं. मोबाइलवरून फोन लावणंही तो असंच शिकला.